हँग झाला तर नशीब समजा

जुन्या व्हिडिओ गेमचा कुणा चाहत्याने केलेला हॅक, म्हणजे फेरफार केलेली आवृत्ती, खेळताना पडदा अचानक काळा पडला, गाण्याचा एकच सूर कानाशी लागून राहिला आणि कुठलंही बटण दाबून काही होईना, की लोक कपाळाला हात लावतात. मला बरं वाटतं. तोंडावर येऊन गेम बंद पाडणारा बग सज्जन असतो. कुठे, कधी, काय करताना, सगळं त्याने जागीच कबूल केलेलं असतं. मी घाबरतो तो दुसऱ्याला. तो हसतमुख असतो. गेम चालू ठेवतो, सेव्ह करू देतो, वर 'सेव्ह झालं' असंही सांगतो. मग पंचवीस तासांनी पोकेमॉनच्या आठव्या जिमच्या, म्हणजे लढतीच्या आखाड्याच्या, दारात आपल्याला कळतं की हे दार आपल्यासाठी तिसऱ्या गावातच बंद झालं होतं.

नव्वदच्या दशकात आपल्याकडे टीव्हीला जोडायच्या गेमच्या कॅसेटवर '९९९९९९ इन १' छापलेलं असायचं आणि आत तोच मारिओ निरनिराळ्या नावांनी निरनिराळ्या लेव्हलपासून सुरू व्हायचा. तेही हॅकच म्हणायचे. पण त्यात सेव्हची सोय नव्हती, त्यामुळे आई टीव्ही बंद करायची तेव्हा बगही जायचे. आताचे बग दुसऱ्या दिवशी हजर असतात.

हॅक म्हणजे अख्खा गेम नव्हे, हे नवख्याला दर वेळी सांगावं लागतं. सुपर मारिओ वर्ल्ड (१९९०) काय किंवा पोकेमॉन फायररेड (२००४) काय, मूळ गेम निन्टेन्डोचे, ते वाटले तर वकिलाची नोटीस. म्हणून हॅक करणारा फक्त फरक वाटतो. या जागचे बाइट काढा, हे घाला. ही फरकाची फाइल म्हणजे पॅच, आणि ती आपण आपल्याकडच्या मूळ रॉमवर, म्हणजे कार्ट्रिजमधून उतरवलेल्या गेमच्या फाइलवर, चढवायची. हॅकच्या नावाने फोडली जाणारी पुष्कळशी खापरं खरं तर याच पायरीवरची असतात.

पॅचच्या प्रकारांत आयपीएस सगळ्यांत जुना आणि सगळ्यांत भोळा. आपण कुठल्या फाइलवर चढतोय याची तो चौकशीच करत नाही. त्याला लग्नाचा फोटो द्या, नेमून दिलेल्या जागी मारिओचे बाइट लिहून 'काम झालं' म्हणेल. बदलाच्या जागेचा पत्ता तीन बाइटांत मावायला हवा, त्यामुळे १६ एमबीपलीकडे त्याचा हात पोचत नाही. फाइल संपली याची खूण म्हणून शेवटी 'ईओएफ' ही तीन अक्षरं असतात. आता हीच अक्षरं पत्ता म्हणून वाचली तर ४५,४२,२७८ हा आकडा होतो. नेमक्या त्याच जागी बदल करायचा असला की साधासुधा पॅचर, म्हणजे पॅच चढवणारा प्रोग्राम, समजतो, संपलं बुवा, आणि पुढचं सगळं तसंच टाकून घरी जातो. शहाणी साधनं एक बाइट आधीपासून लिहून हा खड्डा चुकवतात. 

यूपीएसची तऱ्हा वेगळी. तो एकदा चढवला की हॅक तयार होतो, त्याच फाइलवर पुन्हा चढवला की मूळ गेम परत. 'पॅच लागला का नीट?' या शंकेने दुसऱ्यांदा बटण दाबणाऱ्यांचं काय होतं ते सांगायला नको. बीपीएस मात्र कडक. मूळ फाइल, तयार होणारी फाइल आणि स्वतः पॅच, तिन्हींची सीआरसी ३२ बेरीज, म्हणजे फाइलच्या सगळ्या बाइटांवरून काढलेला ओळखीचा आकडा, तो सोबत बाळगतो. जुळली नाही तर चढत नाही. लोकांना याचा राग येतो आणि ते ही तपासणी बंद कशी करायची ते शोधत बसतात. ती बंद करू नका. त्याने नकार दिला म्हणजे तुमचे पंचवीस तास वाचले.

बेरीज न जुळण्याचं नेहमीचं कारण हेडर. सुपर मारिओ वर्ल्ड ज्यावर चालायचा त्या सुपर निन्टेन्डोची कार्ट्रिज उतरवून घ्यायची जुनी यंत्रं फाइलच्या सुरुवातीला स्वतःचे ५१२ बाइट चिकटवायची. गेमला त्यांचा काडीचा उपयोग नाही. सुपर मारिओ वर्ल्ड ५,२४,२८८ बाइटांचा. तुमची फाइल ५,२४,८०० भरली तर तिला हेडर आहे. बिनहेडरच्या रॉमसाठी केलेला आयपीएस तिच्यावर चढवला की प्रत्येक बदल ५१२ बाइट अलीकडे जाऊन पडतो, नाट्यगृहात अख्ख्या प्रेक्षकांनी एक रांग चुकून बसावं तसा. कधी सरळ काळा पडदा येतो, तो उत्तम. कधी शीर्षक दिसतं, पहिली लेव्हलही चालते आणि घोटाळा पुढे कुठेतरी निघतो. म्हणून आकारावर न थांबता बेरीज बघायची. अमेरिकी आवृत्तीची, हेडरशिवाय, बी१९ईडी४८९.

फायररेडमध्ये आकाराचाही आधार नाही. १.० आणि १.१ अशा दोन आवृत्त्या, दोन्ही १६ एमबी, दिसायला जुळ्या. हॅक बहुतेक सगळे १.० वर बेतलेले आणि १.१ मध्ये कोडचे पत्ते सरकलेले. १.० ची बेरीज डीडी८८७६१सी. फाइलचे बाइट दाखवणारा हेक्स एडिटर उघडायची सवय असेल तर ०एक्सबीसी या जागचा बाइट बघा, ०० असेल तर १.० आणि ०१ असेल तर १.१.

इतकं करून गेम सुरू करायला गेलं, की फायररेड सांगतो तरी काय, तर 'वन एम सब-सर्किट बोर्ड' बसवलेला नाही! माणूस मोबाइलची पाठ उलटीपालटी करून बघतो. अर्थ एवढाच की गेमला १२८ केबीची फ्लॅश मेमरी हवी आणि एम्युलेटरने, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करून गेम चालवणाऱ्या प्रोग्रामने, ६४ केबीची पुढे केली आहे. सेटिंगमध्ये सेव्हचा प्रकार 'फ्लॅश १२८के' करा, सेव्हची जुनी चुकीची फाइल बाजूला काढा, पुन्हा सुरू करा. एमजीबीए हा एम्युलेटर सहसा हे स्वतः ओळखतो, पण हॅक करणाऱ्याने गेमची चार अक्षरी ओळख बदलली असेल तर त्याचाही अंदाज चुकू शकतो.

एम्युलेटर हे प्रकरणच निराळं. झेडस्नेस हा सुपर निन्टेन्डोच्या एम्युलेटरांतला एके काळचा लाडका, शेवटची आवृत्ती २००७ ची. तो वेगवान होता कारण तो बऱ्याच गोष्टींकडे काणाडोळा करायचा. सुपर निन्टेन्डोच्या आवाजाच्या चिपकडे ६४ केबी मेमरी, त्यातच गाणी, वाद्यांचे नमुने आणि घुमणाऱ्या आवाजासाठी इकोची जागा. इकोचा आकडा एकाने वाढवला की २ केबी जागा जाते; पाच केला तर १० केबी. खऱ्या यंत्रात इको त्या जागेत खरोखर लिहितो, खाली कुणाचं गाणं आहे की काय ते बघत नाही. झेडस्नेस ते लिहायचाच नाही. त्यामुळे त्या काळात फक्त झेडस्नेसवर तपासलेले कितीतरी हॅक तिथे गोड वाजतात आणि बीस्नेसवर किंवा खऱ्या यंत्रावर खरखर करून मरतात. मग लोक म्हणतात, नवा एम्युलेटर बिघडलेला आहे. चोर सोडून संन्याशाला फाशी. असा जुना हॅक खेळायचाच असेल तर स्नेस९एक्सच्या नव्या आवृत्त्यांत इकोची जागा वेगळी ठेवायची सोय आहे, ती चालू करा.

आता खुद्द हॅकमधला बग. तो कसा घडतो हे एकदा जवळून बघण्यासारखं आहे. सुपर निन्टेन्डोचा प्रोसेसर ८ बिट आणि १६ बिट अशा दोन्ही तऱ्हांनी चालतो, आणि या क्षणी तो कुठल्या तऱ्हेत आहे हे त्या हुकमांच्या बाइटांत लिहिलेलं नसतं. हे पाच बाइट घ्या: ए९ ०५ ८डी ०० १०. आठ बिटमध्ये अर्थ सरळ, ०५ हा आकडा उचल आणि १००० या पत्त्यावर ठेव. पण आधीच्या कुणी १६ बिटमध्ये जाऊन परत यायचं विसरलं असेल, तर प्रोसेसर ए९ नंतरचे एकाऐवजी दोन बाइट आकडा म्हणून गिळतो. त्याच्या हातात येतो ८डी०५ आणि पुढचा हुकूम म्हणून समोर उभा राहतो ००. हा हुकूम म्हणजे बीआरके, मूळ गेमने कधी न वापरलेला. तिथून गेम कुठल्या गावाला जातो ते त्यालाच ठाऊक. विसरलेलं होतं काय, तर दोन बाइट, ई२ २०.

गेम मेला ती जागा आणि चूक झाली ती जागा, यांचा संबंध आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी. मेलेल्या जागेकडे टक लावून काही मिळत नाही. मेसेन किंवा बीस्नेस-प्लस या एम्युलेटरमध्ये बीआरकेवर थांबा लावायचा, मरणाच्या जरा आधीपासून ट्रेस लॉग, म्हणजे चाललेल्या प्रत्येक हुकमाची नोंद, चालू करायचा, आणि लॉग खालून वर वाचायचा. हजारो ओळी असतात. जिथे ओळी शहाण्यासारख्या दिसू लागतात, त्याच्या खालच्या ओळीत गुन्हेगार. फायररेडच्या यंत्रावर, गेमबॉय अ‍ॅडव्हान्सवर (जीबीए), एमजीबीए निदान 'चुकीच्या पत्त्यावर उडी' एवढं तरी सांगतो.

दुसरं नेहमीचं भांडण जागेचं. मारिओच्या रॉममध्ये नवा कोड घालायचा तर मोकळी जागा शोधायची आणि तिथे 'स्टार' ही चार अक्षरं, मग लांबी (एकाने कमी करून), मग त्याच आकड्याचा उलटा आकडा, अशी आठ बाइटांची पाटी लावायची, की ही जागा घेतलेली आहे. मारिओच्या लेव्हल बदलायचा प्रोग्राम लुनर मॅजिक ही पाटी मानतो, कोड घालायचा प्रोग्राम असार मोकळी जागा स्वतः शोधून पाटी लावतो. असारच्या आधीच्या एक्सकासच्या पॅचमध्ये पत्ता माणसाने हाताने लिहायचा असे, आणि दोन माणसांना तोच पत्ता आवडला की आयत्या बिळावर नागोबा. दोन्ही पॅच एकेकटे उत्तम चालतात. त्यामुळे दोन्ही लेखक शपथेवर सांगतात की दोष आमचा नाही, आणि दोघंही खरं बोलत असतात.

पण हे झाले सज्जन बग. हसतमुख बग पाहायचा तर फायररेडच्या हॅकमधले फ्लॅग बघा. एखादी गोष्ट घडली की नाही हे गेम एका बिटमध्ये लिहून ठेवतो. वाटेतलं औषध उचललंत, फ्लॅग लागला. पुलावरचा पहारेकरी हटला, दुसरा फ्लॅग. हॅक करणाऱ्याने चुकून दोघांना एकच फ्लॅग दिला, तर औषध उचलताच दोन गावं पलीकडचा पहारेकरी गायब. ०एक्स८२० ते ०एक्स८२७ हे आठ फ्लॅग तर बॅजचेच. त्यातला एखादा वापरला की म्हाताऱ्याशी दोन शब्द बोलल्याबद्दल जिमचा बॅज पदरात पडतो, आणि मग तो बॅज आहे म्हणून पुढचा प्रसंग घडतच नाही. सगळं सेव्हमध्ये लिहिलेलं. लेखकाने नव्या आवृत्तीत त्या प्रसंगाची स्क्रिप्ट, म्हणजे हुकमांची यादी, दुरुस्त केली तरी तुमच्या सेव्हमधला बिट तसाच. 'नव्या आवृत्तीसाठी गेम पहिल्यापासून सुरू करा' या सूचनेमागे लेखकाचा आळस नसतो. त्यापेक्षा साधं प्रकरण म्हणजे स्क्रिप्टच्या शेवटी 'रिलीज', म्हणजे खेळाडूला मोकळं सोडायचा हुकूम, लिहायचं राहणं. बोलणं संपतं, आपला गडी जागचा हलत नाही. सेव्हच करता येत नाही, म्हणून नुकसान कमी.

यावर लोकांचा रामबाण म्हणजे सेव्ह स्टेट, म्हणजे एम्युलेटरने त्या क्षणाचा घेतलेला ठसा, आणि निम्मी दुखणी तोच आणतो. सेव्ह स्टेटमध्ये अख्खी मेमरी जशीच्या तशी असते, कोडच्या पत्त्यांसकट. नवा पॅच चढवून जुनी स्टेट उघडली की जुने पत्ते, नवं गाव. शिवाय बऱ्याच एम्युलेटरांत स्टेटच्या पोटात सेव्हचीही प्रत असते; जुनी स्टेट उघडली की काल रात्रीच्या सेव्हवर गेल्या आठवड्याचा सेव्ह हसत हसत बसतो. म्हणून गेमच्या आतल्या मेनूतून सेव्ह करा, शक्यतो पोकेमॉन सेंटरमध्ये. पॅच बदलल्यावर त्या खोलीतून बाहेर पडून पुन्हा आत या, कारण नकाशावरची माणसं गेमने सेव्हमध्ये धरून ठेवलेली असतात. आणि गेमचा सेव्ह जिच्यात राहतो त्या .सॅव्ह फाइलची प्रत तारीख घालून वेगळ्या फोल्डरात टाका, जुनीवर चढवू नका. फायररेड स्वतःही दोन जागी आलटून पालटून सेव्ह करतो, एक बिघडली तर आधीची उघडतो. पण बिघडलेली बेरीज त्याला कळते, बिघडलेली गोष्ट कळत नाही.

अडकलात तर भिंतीतून चालायचा चीट कोड वापरायचा मोह होतो. मूळ गेमचा कोड हॅकमध्ये भलत्याच पत्त्यावर लिहू शकतो. तो पत्ता एखाद्या पोकेमॉनच्या ८० बाइटांत पडला आणि आतली बेरीज चुकली की त्याचं 'बॅड एग' होतं. ते सोडूनही देता येत नाही. पोकेमॉन ठेवायच्या खोक्यात एक जागा अडवून कायमचं बसतं.

राहता राहिली तक्रार. ती साधारण अशी येते.

"दादा, गेम अडकतोय."

"कुठे?"

"गुहेत."

"कोणत्या?"

"ती नाही का, अंधारी."

"एम्युलेटर कुठला?"

"मोबाइलवरचा."

लेखक फुकट काम करणारा माणूस, दिवसा नोकरी, रात्री हा उद्योग. त्याला मूळ रॉमची बेरीज, पॅचची आवृत्ती, एम्युलेटरचं नाव आणि आवृत्ती, अडकण्याच्या आधीचा .सॅव्ह आणि 'अमुक माणसाशी बोलून डावीकडे तीन पावलं' इतकं दिलंत तर तो तासाभरात शोधेल. रॉम पाठवू नका, तो त्याच्याकडे आहे आणि तुम्ही पाठवणं बेकायदा आहे. चीट वापरला असेल तर तेही सांगा; .सॅव्ह फाइलमध्ये त्याची खूण राहिलेली असू शकते.

आणि कायझो प्रकारचे, म्हणजे मुद्दाम छळायला केलेले, मारिओ हॅक खेळत असाल तर तक्रारीआधी एकदा थांबा. उडी मारली त्याच जागी अदृश्य ठोकळा डोक्यावर आपटला, तो दर वेळी त्याच चौकटीत आपटत असेल, तर तो मुद्दाम ठेवलेला आहे. लेव्हलच्या शेवटची फीत कापून, गाणं वाजून, मारिओ आपला आपण चालत निघाला आणि तेव्हा मेला, तरी तेही मुद्दामच. लेव्हलमध्ये मागे कुठेतरी एक स्विच दाबायचा राहिलाय. त्याच्यासाठी ट्रेस लॉग काढू नका.