ते वाक्य जीन क्रान्झ बोललेच नव्हते

आमच्या शाळेच्या ग्रुपवर गेल्या आठवड्यात पुन्हा तोच मजकूर आला. वर्षातून दोन-तीनदा येतोच. थोडक्यात असा: १९७० साली अपोलो १३ हे यान चंद्राच्या वाटेवर निकामी झालं. अंतराळवीर म्हणाला, ‘ह्यूस्टन, वुई हॅव अ प्रॉब्लेम.’ नियंत्रण कक्षात गोंधळ उडाला, सगळ्यांनी आशा सोडली. तेवढ्यात प्रमुख जीन क्रान्झ गरजले, ‘फेल्युअर इज नॉट अ‍ॅन ऑप्शन!’ मग एका इंजिनिअरनं टाकाऊ वस्तूंचा जुगाड केला आणि तिघं वाचले.

तिघं वाचले हे खरं. बाकी जवळजवळ प्रत्येक वाक्य दुरुस्त करावं लागतं, आणि मला ते करावंसं वाटतं, कारण या मजकुरात खऱ्या माणसांची कामं पुसली गेली आहेत.

आधी ‘वुई हॅव अ प्रॉब्लेम’. नासाचा नियंत्रण कक्ष होता त्या ह्यूस्टनमध्ये १३ एप्रिलच्या रात्रीचे नऊ वाजून गेले होते. आपल्याकडे आंबेडकर जयंतीची सकाळ होती. यानातली ऑक्सिजनची दोन नंबरची टाकी फुटली. तेव्हा यानातले आधी जॅक स्वायगर्ट आणि मग मोहिमेचे कमांडर जिम लव्हेल बोलले, ते ‘वुई हॅव हॅड अ प्रॉब्लेम’ असं. ‘हॅड’ पुढे या मोहिमेवरच्या सिनेमात गळला. फरक छोटा आहे, सोडून देऊ.

गोंधळाचं मात्र सोडता येणार नाही. एका नाही, चार फ्लाइट डायरेक्टरांच्या (नियंत्रण कक्षाच्या प्रमुखांच्या) चार तुकड्या पाळीपाळीनं काम करत होत्या: क्रान्झ, ग्लिन लनी, गेरी ग्रिफिन आणि मिल्ट विंडलर. स्फोटानंतर तासाभरात लनींची तुकडी खुर्च्यांवर बसली. मुख्य यानाची वीज संपत चालली होती. तिघांना चंद्रावर उतरायच्या छोट्या यानात, अ‍ॅक्वेरियसमध्ये, हलवायचं होतं आणि मुख्य यान बंद पडण्याआधी त्याच्या दिशेचे आकडे अ‍ॅक्वेरियसच्या कॉम्प्युटरमध्ये उतरवून घ्यायचे होते. लव्हेल यांनी ती बेरीज-वजाबाकी हातानं केली आणि ह्यूस्टनला विचारलं, माझं गणित एकदा तपासता का? खाली बसलेल्यांनी ते तपासलं आणि बरोबर आहे म्हणून कळवलं. जीव टांगणीला लागलेला असताना माणसं एकमेकांची बेरीज तपासत होती. याला गोंधळ कसं म्हणायचं?

आता ते गाजलेलं वाक्य. क्रान्झ मोठे माणूस होते, त्यांच्या तुकडीनं परतीची योजना आखली, त्यांचं मोठेपण कमी करायचा माझा हेतू नाही. पण त्या दिवसांत ते हे वाक्य बोलले नव्हते. त्याचं मूळ जेरी बॉस्टिक नावाच्या इंजिनिअरकडे जातं. मिसिसिपीत सिव्हिल इंजिनिअरिंग शिकून ते १९६२ मध्ये नासात आले. यानाचा मार्ग आखणाऱ्या विभागाचे ते अपोलो १३ च्या वेळी प्रमुख होते. त्यांची माणसं कक्षातल्या पहिल्या रांगेत बसत. त्या रांगेला ते ‘ट्रेंच’, म्हणजे खंदक म्हणत.

पुढे १९९५ च्या ‘अपोलो १३’ सिनेमाची तयारी सुरू झाली तेव्हा पटकथालेखक त्यांना भेटायला आले. एकानं विचारलं, कधी तरी सगळे घाबरलेच असतील ना? बॉस्टिक यांच्या उत्तराचा आशय असा: नाही, काही बिघडलं की आम्ही शांतपणे सगळे पर्याय मांडायचो, आणि अपयश हा त्यातला पर्याय नसायचा. लेखकांनी त्यावरून पाच शब्दांचं वाक्य घडवलं आणि पडद्यावरच्या क्रान्झच्या तोंडी घातलं. खुद्द क्रान्झ यांनी २००० साली आपल्या आत्मकथेला तेच नाव दिलं. तेव्हापासून ते त्यांचंच झालं.

मूळ उत्तरात जोर ‘पर्याय मांडायचो’ यावर होता, आणि ते पर्याय खरोखर मांडले गेले होते. चंद्राला वळसा घातल्यावर इंजिन किती वेळ चालवायचं? एक पर्याय सुमारे दीड दिवस लवकर घरी आणणारा होता, पण त्यासाठी मुख्य यानाचा मागचा भाग, म्हणजे सर्व्हिस मॉड्यूल, टाकून द्यावा लागला असता. उष्णतारोधक कवच थंडीत उघडं पडलं असतं आणि इंधनही जवळजवळ संपलं असतं. तो नाकारला. सुमारे दहा तास वाचवणारा बेताचा पर्याय घेतला. गर्जनेनं हे ठरत नाही.

यावर काही जण लगेच म्हणतात, म्हणजे सिनेमाच खोटा. तसंही नाही. ग्रिफिन पुढे नासाच्या जॉन्सन स्पेस सेंटरचे संचालक झाले. त्यांनी आणि बॉस्टिक यांनी या सिनेमातल्या कंट्रोलर झालेल्या नटांची चक्क शाळा घेतली. नटांना मोहिमेच्या ध्वनिफिती ऐकवल्या, संभाषणांची शेकडो पानं वाचायला लावली, भौतिकशास्त्र शिकवलं. खरा कक्ष तिसऱ्या मजल्यावर होता. सेट इतका हुबेहूब उतरला की नासाचा एक सल्लागार संध्याकाळी बाहेर पडताना लिफ्ट शोधायचा. दोन तासांत चार तुकड्या मावत नाहीत म्हणून सगळं एका क्रान्झमध्ये ओतलं गेलं. सिनेमाला ती सूट आहे. इतिहास म्हणून पाठवलेल्या मजकुराला नाही.

राहिला जुगाड. मुख्य यानातले हवा शुद्ध करणारे डबे चौकोनी, अ‍ॅक्वेरियसमधले गोल. चिकटपट्टी, प्लास्टिकच्या पिशव्या, पुस्तिकांचे पुठ्ठे आणि पोशाखाच्या नळ्या वापरून ते जुळवले, हे खरं. पण ते नासातले इंजिनिअर एड स्मायली यांच्या आख्ख्या तुकडीचं काम होतं, आणि जमिनीवर चाचणी करूनच पायरीपायरीनं वर वाचून दाखवलं गेलं. अ‍ॅक्वेरियस जीवरक्षक नौकेसारखं वापरायची कल्पनाही त्या रात्री सुचलेली नव्हती. अपोलो १० च्या आधी एका सरावात असाच बिघाड घालून पाहिला होता, त्यात अपयश आलं, आणि म्हणूनच काही जणांनी त्यासाठीच्या पद्धती लिहून ठेवल्या होत्या. गोठलेलं मुख्य यान पुन्हा चालू करायची यादी एरवी तीन महिन्यांत तयार होते. ती तीन दिवसांत झाली: कंट्रोलर जॉन अ‍ॅरन यांनी विजेचा हिशेब सांभाळला आणि अंतराळवीर केन मॅटिंग्ली यांच्यासह अनेकांनी ती सिम्युलेटरमध्ये तपासली.

ग्रुपवर मी हे सगळं लिहिलं. पुढच्या वेळी मजकूर पाठवायचाच असेल, तर निदान त्यात बॉस्टिक, लनी आणि स्मायली ही तीन नावं घालून पाठवा, एवढीच विनंती केली आहे.