प्रिया तेंडुलकर आणि ‘रजनी’नंतरची वर्षं : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

अभिनेत्री प्रिया तेंडुलकरवरच्या माझ्या लेखाबद्दल तुम्ही लिहिलंत की मी तिला उगाच डोक्यावर घेतलंय. वडिलांच्या नावावर कामं मिळाली, ‘रजनी’ ही मालिका हे एकच यश, सिनेमात काही जमलं नाही आणि शेवटी ‘हम पांच’ मालिकेत भिंतीवरचा फोटो होऊन बसावं लागलं, असं तुमचं म्हणणं. हे मत याआधीही कानावर आलंय आणि मला ते मुळीच पटत नाही, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी वडिलांचं. ‘अंकुर’मध्ये (१९७४) ती अनंत नागची बायको झाली होती. त्यानंतरची दहा वर्षं म्हणजे विजय तेंडुलकरांच्या पटकथालेखनाचा बहर : ‘सामना’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘सिंहासन’, ‘आक्रोश’, ‘उंबरठा’, ‘अर्धसत्य’. यातल्या एकाही चित्रपटाची नायिका त्यांची मुलगी नाही. ती पंचतारांकित हॉटेलात नोकरी करत होती, मॉडेलिंग करत होती. शंकर नागचा कन्नड ‘मिंचिन ओट’ (१९८०) आणि मराठीतला ‘गोंधळात गोंधळ’ (१९८१) तिनं केले, ते काही तेंडुलकरांच्या लेखणीतून आलेले नव्हते. याला वशिला कसं म्हणायचं?

आता ‘रजनी’. हे ‘एकच यश’ केवढं होतं, ते आज रिमोट हातात घेऊन कळणार नाही. १९८५ साली बहुतेक घरांना दूरदर्शनशिवाय दुसरं काही माहीत नव्हतं. बासू चटर्जींच्या त्या मालिकेत रविवारी सकाळी एक साधी गृहिणी गॅस एजन्सीवाल्याला, सरकारी बाबूला, मीटर न टाकणाऱ्या टॅक्सीवाल्याला जाब विचारायची. टॅक्सीचा भाग पाहून मुंबईतले टॅक्सीचालक दूरदर्शनवर निदर्शनं करायला गेले होते. विचार करा, अभिनय किती खरा वाटला असेल! रजनी कर्कश वाटली असती तर बायकांनीच टीव्ही बंद केला असता. प्रियानं तिला भांडखोर होऊ दिलं नाही. तिचा आवाज चढला तरी मुद्दा सुटायचा नाही. हे सोपं नसतं. पुढे तिच्याच नावानं टॉक शो चालला, तो याच गुणावर. समोरच्याचं उत्तर गुळमुळीत असेल तर ती पुन्हा विचारायची.

आणि तो फोटो. ‘हम पांच’ सुरू झाली १९९५ मध्ये. आनंद माथुरची दिवंगत पहिली बायको हार घातलेल्या चौकटीतून नवऱ्याशी बोलते. उठून चालायला, वळायला, हात हलवायला जागाच नाही. जे करायचं ते चेहऱ्यानं, आवाजानं आणि अचूक टायमिंगनं. समोर अशोक सराफ! त्या माणसासमोर चौकटीत राहून हशा वसूल करणं ही माझ्या लेखी तिच्या कारकिर्दीतली सर्वांत अवघड कामगिरी. तुम्ही तिलाच अधोगती म्हणता, याचं मला वाईट वाटलं.

हिंदी सिनेमानं तिला वाया घालवलं, हे मात्र तुमचं खरं आहे. ‘त्रिमूर्ती’त (१९९५) ती जॅकी श्रॉफ, अनिल कपूर आणि शाहरुख खान यांची आई होती. तिचा जन्म १९५४ चा, अनिल कपूरचा १९५६ चा! ‘गुप्त’मध्ये (१९९७) बॉबी देओलची आई. चाळिशीतल्या बाईला दुसरं काही द्यायचं त्या सिनेमाला सुचलंच नाही. हा दोष मी तिच्या पदरात टाकणार नाही.

तुमच्या प्रतिक्रियेत तिच्या लेखनाचा उल्लेखही नाही. हॉटेलातल्या नोकरीवरचं ‘पंचतारांकित’, शिवाय ‘ज्याचा त्याचा प्रश्न’ आणि ‘जन्मलेल्या प्रत्येकाला’ हे कथासंग्रह. टीव्हीवर रोज दिसणाऱ्या किती नट्यांच्या नावावर अशी पुस्तकं आहेत? ती गेली १९ सप्टेंबर २००२ रोजी, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी, कर्करोगाशी झुंजत असताना. प्रौढ स्त्रियांना मध्यवर्ती ठेवून मालिका आणि वेबसीरिज लिहिल्या जाताना आज दिसतात. त्या वयापर्यंत तिला पोचताच आलं नाही. तिची कारकीर्द संपत आली नव्हती, मध्येच तुटली.

‘पंचतारांकित’ वाचनालयात मिळालं तर जरूर वाचा आणि नंतरही मत हेच राहिलं, तर तेही कळवा. मी त्यावरही बोलेन.