संकलकाचे श्रेय: स्टुअर्ट मॅकॅलिस्टर यांच्यावरील लेखाच्या निमित्ताने

आपली सविस्तर प्रतिक्रिया मी लक्षपूर्वक वाचली. दुसऱ्या महायुद्धातील ब्रिटिश माहितीपटांचे संकलक मॅकॅलिस्टर यांच्यावरील लेखात मी एका तंत्रज्ञाला निर्मात्याच्या पंक्तीत बसवले, असा आपला आक्षेप आहे. बॉम्बवर्षावात कॅमेरा घेऊन उभे राहिलेल्यांनी जीव धोक्यात घातला, दिग्दर्शकाने दृष्टी दिली, आणि संकलकाने सुरक्षित खोलीत बसून तुकडे जोडले, असे आपण म्हणता. छायाचित्रकारांच्या धैर्याविषयी दुमत नाही. संकलकाविषयीचे आपले मत मात्र मला मान्य नाही, आणि त्याचे कारण १९४२ सालच्या 'लिसन टू ब्रिटन' या माहितीपटात आहे.

सुमारे वीस मिनिटांच्या या माहितीपटाला निवेदनच नाही. (परदेशी प्रेक्षकांसाठी आरंभी एक प्रास्ताविक जोडले गेले, ते वगळून पाहिलेले उत्तम.) शेते, नाचघर, कारखाने, आकाशातील लढाऊ विमाने यांचा परस्परसंबंध सांगणारे एकही वाक्य नसल्यामुळे सगळी भिस्त दृश्यांच्या आणि ध्वनींच्या सांध्यांवर आहे. कारखान्याच्या उपाहारगृहात फ्लॅनगन आणि ॲलन ही लोकप्रिय जोडी कामगारांसमोर गात असते, आणि त्या गाण्याच्या सुरातूनच आपण लंडनच्या नॅशनल गॅलरीत पोहोचतो, जिथे मायरा हेस मोत्झार्टचा पियानो कॉन्चेर्तो वाजवत आहेत आणि श्रोत्यांत खुद्द राणी बसली आहे. जेवणाच्या सुट्टीतला कामगार आणि राणी एकाच संकटात एकत्र आहेत, हे इथे कोणी बोलून दाखवत नाही, तरी ते आपल्याला कळते. दोन वेगळ्या ठिकाणी टिपलेल्या त्या फितींपैकी एकीतही हा अर्थ नव्हता; तो जोडणीतून जन्मला. दिग्दर्शन आणि संकलन या दोन्हींसाठी दिग्दर्शक हम्फ्री जेनिंग्ज आणि मॅकॅलिस्टर यांची नावे एकत्र झळकतात, ती मला म्हणूनच न्याय्य वाटतात. 'सुरक्षित खोली'बद्दल एवढेच सांगतो की, १९४० मध्ये मॅकॅलिस्टर 'लंडन कॅन टेक इट' या माहितीपटाच्या संकलनात गुंतले होते, तेव्हा त्या शहरावर रात्रीमागून रात्री बॉम्ब पडत होते.

संकलक हा प्रचारयंत्रणेचा सर्वांत सोयीचा हात असतो, हा आपला दुसरा मुद्दा अधिक गंभीर आहे. 'लिसन टू ब्रिटन' बनवणारे क्राउन फिल्म युनिट सरकारी होते आणि त्याचे काम युद्धप्रचाराचे होते, हे निर्विवाद आहे. १९४१ च्या 'टार्गेट फॉर टुनाइट' या बॉम्बहल्ल्यावरील माहितीपटामध्ये वैमानिक खरे असले, तरी काही प्रसंग सेटवर चित्रित केलेले होते, आणि ते खऱ्या उड्डाणांच्या दृश्यांशी बेमालूम जुळवणारे संकलक मॅकॅलिस्टरच होते. पण ज्याच्या जोडणीने प्रेक्षकाची दिशाभूल होऊ शकते, त्याला केवळ तुकडे जोडणारा कसे म्हणता येईल? आपले दोन्ही आक्षेप एकाच वेळी टिकू शकत नाहीत. जबाबदारी त्याच्याकडे द्यायची असेल, तर कर्तृत्वही द्यावे लागेल.

युद्धानंतर मॅकॅलिस्टर ब्रिटिश ट्रान्सपोर्ट फिल्म्स या वाहतूकविषयक माहितीपट बनवणाऱ्या संस्थेमध्ये काम करत राहिले आणि १९६२ मध्ये वारले. जेनिंग्ज यांची कीर्ती वाढत गेली, मॅकॅलिस्टर यांचे नाव मागे पडले. डाय वॉन यांनी, जे स्वतः माहितीपटांचे संकलक होते, १९८३ मध्ये मॅकॅलिस्टर यांच्या कार्यजीवनावर पूर्ण पुस्तक लिहिले, आणि कोणता निर्णय कोणाचा होता हा प्रश्न त्यांनी त्यात चिकाटीने तपासला आहे. ते पुस्तक आपण वाचावे आणि त्यानंतरही आक्षेप उरला, तर अवश्य कळवावे.