सही झाली की कारखान्याला टाळं?

कुठेही मुक्त व्यापार कराराची बातमी आली की एक मजकूर फिरू लागतो. देशांची नावं बदलतात, बाकी शब्द तेच: "सही झाली की आयात शुल्क शून्य. मग तिसऱ्याच देशाचा स्वस्त माल मागच्या दाराने येणार. कारखाने बंद, नोकऱ्या गेल्या. व्यापार तूट वाढली, हाच पुरावा. आणि सरकारचे हात कायमचे बांधले."

"शुल्क शून्य." शुल्क कसं उतरणार ते कराराच्या परिशिष्टात एचएस कोडनिहाय (मालाच्या वर्गीकरणाच्या आंतरराष्ट्रीय क्रमांकानुसार) लिहिलेलं असतं: काही माल पहिल्याच दिवशी मोकळा, काही पाच किंवा दहा वर्षांत टप्प्याटप्प्याने, काही यादीतून वगळलेला. नाफ्ता, म्हणजे अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिको यांचा मुक्त व्यापार करार, १ जानेवारी १९९४ ला लागू झाला, पण त्यातली शेवटची शुल्कं २००८ च्या सुरुवातीला संपली. मेक्सिकोच्या मक्याला त्यात पंधरा वर्षांचं कवच होतं. वर्षाला २५ लाख टन शुल्कमुक्त, त्यापुढच्या मक्यावर सुरुवातीला २१५ टक्के शुल्क. कोट्याबाहेरचा मका आला, तेव्हा ते पूर्ण शुल्क मेक्सिको सरकारनेच वसूल केलं नाही. शेतकऱ्याच्या नुकसानीचं खापर करारावर फोडताना हा निर्णय कोणाचा होता, हे सोयीस्कर विसरलं जातं.

"तिसऱ्या देशाचा माल घुसणार." हे रोखायलाच उत्पत्तीचे नियम, म्हणजे माल खरोखर करारातल्या देशात बनला का हे ठरवणारे नियम, असतात, आणि प्रत्यक्षात त्यांचा काच प्रामाणिक निर्यातदारालाही बसतो. समजा, नियम ४० टक्के प्रादेशिक मूल्यवर्धनाचा आहे, म्हणजे किमतीतला तेवढा वाटा करारातल्या देशांतून यायला हवा. मालाची एफओबी किंमत (जहाजावर चढवेपर्यंतची) १०००, बाहेरून आणलेले भाग ५८० चे. हजारातून ५८० वजा केले, उरले ४२०. म्हणजे ४२ टक्के, माल पात्र. आता स्थानिक चलन घसरलं आणि तेच भाग पाच टक्क्यांनी महागून ६०९ वर गेले. विक्रीची किंमत वाढवता आली नाही, तर मूल्यवर्धन ३९.१ टक्के. यंत्रं, कामगार, काम सगळं तेच. तरी शुल्कसवलत गेली. म्हणून जाणते निर्यातदार मर्यादेच्या वर चार-पाच टक्क्यांची मोकळीक ठेवतात आणि विनिमय दर बदलला की हिशेब पुन्हा मांडतात.

कागदावरच्या चुका वेगळ्याच. उत्पत्तीच्या दाखल्यावरचा एचएस कोड आणि आयात घोषणेतला कोड जुळत नाही. किंवा माल तिसऱ्या बंदरात उतरवून पुन्हा चढवलेला असतो आणि वाटेत त्यावर काही प्रक्रिया झाली नाही याचा पुरावा नसतो. नेहमीचं शुल्कच दोन-तीन टक्के असेल, तर कित्येक जण ही उस्तवार करण्यापेक्षा शुल्क भरून मोकळे होतात. लबाडी होते, नाही असं नाही. ती पकडायची तर सीमाशुल्क विभागाकडे उगमाची पडताळणी करणारी माणसं लागतात.

"नोकऱ्या जातात." हे वाक्य बऱ्यापैकी खरं आहे. अमेरिका-कॅनडा करार १९८९ पासून लागू झाला. अर्थतज्ज्ञ डॅनियल ट्रेफ्लर यांच्या २००४ च्या अभ्यासात कॅनडाच्या ज्या उद्योगांचं शुल्क सर्वांत जास्त उतरलं, तिथला रोजगार १२ टक्के घटलेला दिसला. त्याच उद्योगांची श्रम-उत्पादकता मात्र १५ टक्के वाढली, कारण अकार्यक्षम कारखाने आकसले. देशाचा एकूण आकडा चांगला दिसतो आणि एखादं गाव बसतं, ते असं. नवी नोकरी दुसऱ्या शहरात, दुसऱ्या कौशल्याची; गेलेली नोकरी पन्नाशीतल्या माणसाची. अशा कामगारांसाठी अमेरिकेने १९६२ मध्ये सुरू केलेली मदत योजना २०२२ च्या मध्यापासून नव्या अर्जदारांना बंद आहे.

पण सर्वांत मोठा दाखला कराराचा नव्हेच. चीनच्या मालाच्या स्पर्धेमुळे १९९९ ते २०११ या काळात अमेरिकेत २० ते २४ लाख नोकऱ्या गेल्या, असा अर्थतज्ज्ञांचा अंदाज आहे. त्या दोन देशांत मुक्त व्यापार करार नव्हता, आजही नाही.

"तूट वाढली, हाच पुरावा." अमेरिकेला मेक्सिकोबरोबरच्या वस्तुव्यापारात १९९४ मध्ये थोडी शिल्लक होती, १९९५ मध्ये जवळपास १६ अब्ज डॉलरची तूट आली. मधल्या काळात काय घडलं? डिसेंबर १९९४ मध्ये पेसो कोसळला आणि काही महिन्यांत त्याची किंमत निम्म्यावर आली. मेक्सिकोत मंदी, खरेदी थंड. निर्यात मात्र स्वस्त. एका वर्षात शुल्कं एवढी बदललीच नव्हती. तूट मुख्यतः बचत, गुंतवणूक आणि विनिमय दरावर ठरते.

"हात बांधले." आयातीच्या लाटेवर सेफगार्ड (तात्पुरतं संरक्षक) शुल्क लावता येतं, डम्पिंगवर, म्हणजे माल पाडलेल्या किमतीत विकण्यावर, वेगळं. नाफ्तातून सहा महिन्यांच्या नोटिशीवर बाहेर पडता येत होतं. नाफ्ताच्या जागी आलेल्या नव्या करारात तर मोटारींसाठीचं प्रादेशिक मूल्य ६२.५ वरून ७५ टक्के झालं आणि मोटारीच्या मूल्यातला ४० टक्के वाटा, पिकअपसाठी ४५, तासाला सरासरी किमान १६ डॉलर मजुरी देणाऱ्या उत्पादनातून यावा, अशी अट आली.

या मुद्द्यात दम आहे तो गुंतवणूकदार-लवादापाशी, जिथे परदेशी गुंतवणूकदार थेट सरकारविरुद्ध दाद मागतो. लवाद कायदा रद्द करत नाही, पण भरपाई ठोठावू शकतो. सिगारेटच्या साध्या वेष्टनाच्या कायद्यावरून फिलिप मॉरिसने ऑस्ट्रेलियाला हाँगकाँगबरोबरच्या गुंतवणूक कराराखाली लवादात खेचलं; डिसेंबर २०१५ मध्ये लवादाने प्रकरण ऐकण्यास नकार दिला, पण तोवर चार वर्षं गेली होती. शिवाय अनेक गुंतवणूक करारांत, करार संपवला तरी जुन्या गुंतवणुकीला पुढची दहा, पंधरा, वीस वर्षं संरक्षण देणारं कलम असतं. फिरणाऱ्या मजकुरात या कलमाचा उल्लेखही नसतो.