निळूभाऊंचा आवाज घशातून काढू नका

१३ जुलै जवळ आला की फोनवर तेच सुरू होतं. निळू फुल्यांचा फोटो, तिरकी टोपी आणि खाली 'बाई, वाड्यावर या'. २००९ साली याच तारखेला ते गेले, इथेच पुण्यात. त्यानंतर मोठ्या झालेल्या मुलांना ते बहुतेक या तीन शब्दांपुरतेच माहीत आहेत. मला याचं मनापासून वाईट वाटतं. त्यातून पावसाळा म्हणजे भरत नाट्य मंदिरात पुरुषोत्तम करंडकाचे, कॉलेजांच्या एकांकिका स्पर्धेचे दिवस. एखाद्या कॉलेजच्या एकांकिकेत गावचा पुढारी आला की मुलगा हमखास निळूभाऊंची नक्कल करतो, आणि तीही चुकीची करतो. ती कुठे चुकते हे एकदा सविस्तर लिहायचं होतं.

आधी आवाज. नक्कल करणारा घसा आवळतो. हनुवटी पुढे, ओठ एका बाजूला, डोळे अर्धे मिटलेले, आणि शब्द टाळूच्या मागे घासत बाहेर. पहिल्या वाक्याला हशा येतो, त्यामुळे आपलं जमलं असं वाटतं. पाचव्या मिनिटाला घसा कोरडा पडतो आणि वाक्यांचे शेवट गिळले जायला लागतात. मधल्या रांगांना अर्धी वाक्यंच पोचतात. सगळ्यात वाईट म्हणजे सगळी खरखर सुरुवातीलाच वापरून झालेली असते, त्यामुळे हा माणूस खरोखर चिडतो त्या प्रसंगाला हातात काहीच उरत नाही. मग ओरडाआरडा होतो, आणि ओरडणाऱ्या पाटलाला कुणी घाबरत नाही.

निळूभाऊंचा आवाज मुळातच बसका होता, तो त्यांना काढावा लागत नव्हता. कसब होतं ते त्या आवाजातले शब्द स्वच्छ ठेवण्यात. त्यांचा 'सामना' हा सिनेमा एकदा नुसता कानांनी ऐका, पडद्याकडे न बघता. आवाज खाली जातो तेव्हाही क, ट, त, प ही व्यंजनं धारदार राहतात. वाक्याचा शेवट लांबतो, पण विरत नाही. आणि थांबायचं ते महत्त्वाच्या शब्दाच्या आधी. आधी थांबलं की समोरचा माणूस आता काय ऐकायला मिळणार म्हणून ताणला जातो. नंतर थांबलं की नट टाळीची वाट बघतोय असं दिसतं. एवढासा फरक आहे, पण खलनायक उभा राहणं न राहणं त्यावर ठरतं.

तालमीत हे बसवायचं असेल तर पहिले आठ दिवस 'निळू फुले' हे नावच काढायचं नाही. उतारा स्वतःच्या आवाजात, सपाट म्हणायचा. मग प्रत्येक वाक्यातला एकच शब्द निवडायचा, ज्यासाठी ते वाक्य आहे, आणि त्याच्या आधी एक श्वास थांबायचं. श्वास पोटातून. एका मित्राला शेवटच्या रांगेत बसवून प्रत्येक वाक्याचा शेवटचा शब्द त्याच्याकडून परत म्हणवून घ्यायचा. त्याला सांगता आला नाही की वाक्य पडलं. कुजबुजायचं अजिबात नाही. कुजबुज मागे पोचत नाही आणि घशावर ताण येतो तो वेगळाच. हळू बोलणं आणि कुजबुजणं यांतला फरक कळला की अर्धं काम झालं.

हे कसब आलं कुठून, याचं उत्तर सिनेमात शोधून सापडणार नाही. हा माणूस पुण्याच्या आर्म्ड फोर्सेस मेडिकल कॉलेजात माळीकाम करत होता आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात लोकनाट्यं करत होता. मग 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं नाव झालं आणि १९६८ साली अनंत मान्यांच्या 'एक गाव बारा भानगडी'मधून सिनेमात आले. लोकनाट्याची संहिता नाटकासारखी बांधलेली नसते. बतावणीत (विनोदी सवालजवाबात) आणि वगात (मुख्य कथानाट्यात) समोरचा आज काय बोलेल याची खात्री नसते. कालच्या पेपरातली बातमी आज वाक्यात येते, प्रेक्षकातून कुणी ओरडलं तर तेही धरून घ्यावं लागतं. तिथे टिकायचं तर ऐकावं लागतं. निळूभाऊंचा कुठलाही चांगला प्रसंग काढा. स्वतःचं वाक्य नसताना ते काय करतात ते बघा. डोळे समोरच्याच्या तोंडावर असतात. आपल्या पाळीची वाट बघत नुसते उभे ते कधी दिसत नाहीत. नकला करणाऱ्याला हे जमत नाही, कारण तो एकटाच बोलतो. नकलेत समोर माणूसच नसतो.

आता त्या वाड्याकडे येऊ. वंशपरंपरेची पाटीलकी १९६२च्या कायद्यानं संपली. त्याच वर्षी जिल्हा परिषदा आल्या. सहकारी साखर कारखाने तर प्रवरानगरपासून सुरू होऊन तोवर जोर धरत होते. म्हणजे निळूभाऊ पडद्यावर आले तेव्हा गावातली खरी सत्ता वाड्याच्या ओसरीवरून उठून कारखान्याच्या आणि बँकेच्या कचेरीत गेली होती. 'सामना'तला हिंदुराव धोंडे पाटील हा त्या नव्या सत्तेचा माणूस आहे. विजय तेंडुलकरांची पटकथा, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन. १९७५ साली हा सिनेमा बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. हिंदुराव बाईच्या मागे लागलेला टगा नाही. त्यानं गावात उद्योग आणलाय, लोकांना काम दिलंय, आणि त्याचा त्याला प्रामाणिक अभिमान आहे. दारुड्या मास्तरला तो घरी आणतो, खाऊपिऊ घालतो. डॉ. श्रीराम लागूंचा मास्तर मग एकच प्रश्न विचारत राहतो, 'मारुती कांबळेचं काय झालं?' पहिल्यांदा हिंदुराव तो सहज झटकतो. पुढे त्याच प्रश्नावर चेहरा बदलत जातो. आधी करमणूक, मग कंटाळा, मग सावधपणा, आणि शेवटी भीती. या चार पायऱ्या चढताना निळूभाऊंचा आवाज फारसा वर जात नाही, उलट हालचाल कमी होत जाते. ज्याला खलनायक करायचा आहे त्यानं हा सिनेमा आवाज बंद करून दुसऱ्यांदा बघावा आणि हिंदुराव कुठे हात हलवायचं थांबतो त्या जागा वहीत लिहून काढाव्यात. दोन तासांत अभिनयाचं एक अख्खं सत्र होईल.

सेवा दलातल्या माणसाला हे राजकारण शिकवावं लागलं नसणार. माझं तर मत आहे की हिंदुराव इतका खरा वाटतो तो निळूभाऊंना त्या माणसाबद्दल असलेल्या माहितीमुळे. नुसत्या रागानं ते झालं नसतं. राग असता तर व्यंगचित्र झालं असतं.

कपड्यांबद्दल थोडं, कारण एकांकिकेत इथे फार घोटाळा होतो. भाड्याच्या दुकानात शिवलेलं, इलॅस्टिकचं धोतर मिळतं. सोयीचं असतं, ब्लॅकआउटमध्ये मिनिटात चढतं. पण ते घालून माणूस पॅन्टमध्ये चालतो तसाच चालतो. खरं धोतर नेसलं की पाऊल आपोआप आखूड होतं, बसताना सोगा सावरावा लागतो, उठताना हात एकदा गुडघ्याकडे जातो. या सावरण्यातच पुढाऱ्याचा सगळा निवांतपणा आहे. म्हणून तालमीच्या पहिल्या दिवसापासून खरं धोतर नेसायचं, रंगीत तालमीला पहिल्यांदा नेसलं तर प्रयोगात सगळं लक्ष कासोट्यावर राहतं. टोपी खळ घातलेली हवी, मऊ टोपी दिव्यांखाली घामानं बसते. ती कपाळावर फार पुढे ओढू नका. वरून येणाऱ्या लाइटची सावली डोळ्यांवर पडते, आणि या भूमिकेत डोळे गेले की काही राहत नाही. तोंडात खरं पान ठेवून बोलायचा हट्ट करू नये, व्यंजनं लगदा होतात. गालात जीभ ठेवून पानाचा भास दोन वाक्यांपुरता द्यावा, पुढे सोडून द्यावा.

आणि दिग्दर्शकासाठी एक: पाटील मोठा आहे हे पाटलानं दाखवायचं नसतं. ते बाकीच्यांनी दाखवायचं. रंगमंचावर एक खुर्ची ठेवा, जिच्यावर तो नसतानाही कुणी बसत नाही. तो आत आला की गड्यानं बोलणं अर्ध्यात तोडावं. एवढं केलंत तर पाटलाला काही न करता नुसतं येऊन बसता येतं. हे न केल्यामुळे मुलगा बिचारा भुवया, मिशा आणि खाकरणं यांवर सगळा भार टाकतो.

निळूभाऊंना वाड्यात कोंडणाऱ्यांनी 'सखाराम बाइंडर' आठवावा. १९७२, रंगभूमीवर. कमलाकर सारंगांनी बसवलेलं, समोर लालन सारंगांची चंपा. सेन्सॉरशी झगडा झाला, प्रकरण कोर्टात गेलं. सखारामकडे ना जमीन, ना माणसं, ना वाडा. टाकलेल्या बायकांना घरी आणतो, आपले नियम सुनावतो, मृदंग वाजवतो. रानटी आहे, पण लपवत काही नाही. हिंदुराव सगळं झाकतो, सखाराम सगळं उघडं टाकतो. दोन्ही माणसं एकाच नटानं तीन-चार वर्षांत उभी केली. आणि १९७९च्या 'सिंहासन'मध्ये तर पत्रकार दिगू टिपणीस. सत्ता बघणारा, तिच्यात नसलेला. ऐकून घेण्याचं तेच कसब इथे पूर्ण भूमिका होऊन बसतं. शेवटी दिगू वेड्यासारखा हसत सुटतो, ते हसू पुढाऱ्याच्या हसण्याशेजारी ठेवून ऐकावं.

हिंदीत त्यांना लांबीच्या मानानं थोडंच मिळालं. 'कुली', 'मशाल' आहेत, पण बघायचं तर 'सारांश'मधला गजानन चित्रे बघावा. १९८४ चा सिनेमा. धमकी देताना तो जवळजवळ समजावणीच्या सुरात बोलतो. मराठीत मात्र त्यांच्याकडून तोच तोच पाटील मागितला गेला, आणि ते सिनेमे सगळेच चांगले नाहीत. काहींत निळूभाऊ सवयीनं काम करतात असंही दिसतं. हे मान्य करायला मला अडचण वाटत नाही. दोष लिहिणाऱ्यांचा जास्त आहे. टोपी घातली की झालं असं समजून प्रसंग लिहिले गेले.

गावोगावच्या बायका त्यांना खराच वाईट माणूस समजत, हे सगळ्यांना माहीत आहे. तोच माणूस डॉ. लागूंबरोबर 'लग्नाची बेडी'चे प्रयोग करत सामाजिक कार्यकर्त्यांना मदत करणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी पैसे गोळा करत फिरत होता, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात उभा होता. १३ जुलैच्या पोस्टींत हे क्वचित दिसतं.

पिंपळे गुरवचं नाट्यगृह त्यांच्या नावाचं आहे. तिथे पुढे कधी कुणा मुलाला पुढारी करायचा असला, तर त्यानं त्या आठवड्यात मोबाइलवरच्या नकला बघू नयेत. 'सामना' लावावा, मास्तरनं प्रश्न विचारला की थांबवावा, आणि हिंदुरावनं उत्तर द्यायच्या आधी किती वेळ घेतला ते मोजावं.