मिशीवरचा फेस

डॉक्टरांनी साय, लोणी आणि म्हशीचं दूध बंद केल्यापासून मी रोज रात्री जेवल्यावर रंकाळ्याला फेरी मारायला जातो. म्हणजे घरात तसं सांगून जातो. शिवाजी पेठेतून निघालेले पाय गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावरच थांबतात. डोळ्यांसमोर म्हैस, डोळ्यांसमोर धार, आणि फेसानं काठोकाठ भरलेला ग्लास. आता यापुढे चालायचं म्हणजे म्हशीचा अपमान.

सगळं बिनबोभाट चाललं होतं. तेवढ्यात समोरच्या काकांनी दारावर नवा बल्ब लावला. तो कधी लागलेला दिसत नव्हता, पण म्हटलं, काटकसरी माणूस. गल्लीची सोय केली म्हणून मी कौतुकही करून आलो!

परवा सकाळी आमच्या हिच्यादेखत काका म्हणाले, "काल सव्वादहाला आलासा न्हवं? मिशीला काय लागलं हुतं ओ?"

आणि मोबाईल पुढं केला. बल्बच्या पोटात कॅमेरा होता. अंधारात तो इन्फ्रारेडवर चालतो, त्यामुळं रंग जातात. गल्ली करडी, मी करडा. मिशीवर मात्र चुन्याचा फटकारा मारल्यासारखा पांढराधोट पट्टा. हिनं दोन बोटांनी चित्र मोठं केलं. मग आणखी मोठं केलं.

"रंकाळ्याला बराच फेस आलाय म्हणायचा," एवढंच बोलून ही आत गेली. त्या दिवशी चहाही बिनदुधाचा आला.

मी काकांना ऐकवलं, "2017 साली सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमतानं सांगितलंय, खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे."

"त्ये दिल्लीत. हितं माझी नवी कापशी चप्पल दारातनं गेली, त्येचं काय?"

चप्पलचोर अजून सापडलेला नाही. सापडलो मी.

रात्री मोबाईलचा सेल्फी कॅमेरा त्या बल्बवर धरला. साध्या डोळ्यांना काळोख, पण स्क्रीनवर जांभळट ठिपक्यांचं कडं. तेव्हापासून कुठलाही बल्ब दिसला की माझा हात आधी रुमालाकडे जातो. मिशी उतरवावी का, असाही विचार आला. पण पेठेत मग तोंड कुठं दाखवायचं?

काल सवयीनं कट्ट्यावर गेलो, तर म्हशीच्या पलीकडे काका. हातात मोठा ग्लास. मला बघून बिचकले नाहीत. सावकाश शेवटचा घोट घेतला, ओठांवरून एकदा जीभ फिरवली आणि गुळगुळीत तोंडानं माझ्याकडे बघून हसले.

काका मिशी का ठेवत नाहीत, ते मला तेव्हा कळलं.