गवती चहा उकळावा की नाही : ‘ऐरोलीकर’ यांच्या प्रतिक्रियेला उत्तर

‘ऐरोलीकर’ या नावाने लिहिणाऱ्या वाचकांस,

गवती चहा आणि लाल अंबाडीच्या थंड पेयाच्या माझ्या पाककृतीवर आपण दिलेली प्रतिक्रिया वाचली. इतर वाचकांना संदर्भ कळावा म्हणून ती जशीच्या तशी येथे देते : “ताई, गवती चहा धडाधडा उकळायला सांगणाऱ्यांनी पाककृती लिहू नयेत, दुसऱ्यांच्या वाचाव्यात. उकळल्यावर सगळा सुगंध उडून जातो आणि खाली उरतं ते गवताचं पाणी. त्यावर बर्फ ओतून ते आणखी पाणचट. पाती रात्रभर थंड पाण्यात घालून फ्रीजमध्ये ठेवायची, एवढं सोपं आहे. लिटरला पाऊण वाटी साखर घालून ‘आरोग्यदायी’ कसं म्हणवतं? अंबाडीने रक्तदाब उतरतो, गोळ्या घेणाऱ्यांसाठी एक ओळ नाही. आणि फोटोत पुदिना आहे, तो साहित्यात कुठे आहे?”

पुदिन्याचे आपले म्हणणे रास्त आहे. तो केवळ सजावटीसाठी ग्लासात खोचला होता, तरीही यादीत असायला हवा होता. आता लिहिला आहे. आपली नजर बारीक आहे, हे मी मोकळेपणाने मान्य करते. मात्र तीच नजर पाककृतीच्या कृतीवरूनही फिरली असती, तर हे उत्तर लिहिण्याची वेळ आली नसती.

‘ताई’ म्हणून सुरुवात करायची आणि त्याच वाक्यात लेखणी खाली ठेवायला सांगायचे, ही कोणती रीत, हे मला कळलेले नाही. मतभेद असावेत, माझ्या लेखनाखाली ते नेहमीच असतात आणि मी एकही प्रतिक्रिया पुसलेली नाही. परंतु समोरच्या व्यक्तीला आपल्याइतकेही कळत नसणार, असे गृहीत धरून जे लिहिले जाते, त्याला मतभेद म्हणत नाहीत. माझ्या नोकरीची सारी वर्षे कनिष्ठ महाविद्यालयात रसायनशास्त्र शिकवण्यात गेली. वाफ, उत्कलनबिंदू आणि ऊर्ध्वपातन हे विषय मी फळ्यावर आकृत्या काढून शिकवले आहेत, त्यामुळे ‘सुगंध उडून जातो’ हे वाक्य मला तरी नव्याने ऐकवण्याची गरज नव्हती.

आता त्याच वाक्याकडे येते. गवती चहाला लिंबासारखा वास येतो तो सिट्रल या द्रव्यामुळे, आणि सिट्रलचा उत्कलनबिंदू सुमारे २२९ अंश सेल्सिअस आहे. उकळते पाणी शंभर अंशांच्या पुढे जात नाही. म्हणजे सिट्रल स्वतः उकळून नाहीसे होत नाही. ते वाफेच्या सोबतीने निघून जाऊ शकते, हे खरे. गवती चहाचे तेल काढणारे व्यावसायिक पात्यांतून वाफ सोडूनच ते वेगळे करतात. मग वाफ बाहेर जाऊ दिली नाही म्हणजे झाले! माझ्या पाककृतीतील वाक्य असे आहे : “अर्धा लिटर पाण्याला उकळी आली की मुरगाळून तुकडे केलेली दहा-बारा पाती आणि ठेचलेले आले त्यात घालावे, घट्ट झाकण ठेवावे, आच अगदी मंद करून पाच मिनिटांनी गॅस बंद करावा.” यात धडाधडा कुठे आहे? झाकण उचलताना ते तिरपे धरावे आणि आतल्या बाजूला जमलेले थेंब पातेल्यातच निथळू द्यावेत, असेही मी पुढे लिहिले आहे. ते थेंब बोटावर घेऊन हुंगून पाहावेत. आपण म्हणता तो उडालेला सुगंध तिथेच सापडेल.

थंड पाण्याच्या पद्धतीला मी मुळात विरोध करत नाही. खऱ्या चहाच्या पानांसाठी ती उत्तम आहे. काळा चहा उकळत्या पाण्यात करून एकदम गार केला, की त्यातील कॅफीन आणि पॉलिफेनॉल ही तुरट द्रव्ये एकत्र येतात आणि पेय गढूळ होते. थंड पाण्यात रात्रभर ठेवलेल्या चहात तुरट अंश कमी उतरतो, म्हणून तो नितळ राहतो आणि जिभेला ओढत नाही. परंतु गवती चहा ही त्या झुडपाची पाने नव्हेत. तो ज्वारी-उसाच्या कुळातला, त्यात कॅफीन नाही, आणि काळ्या चहासारखे गढूळ होण्याचे भयही नाही. त्याची पाती चिवट, धारदार आणि तंतुमय असतात. तेल आत पेशींमध्ये बसलेले असते आणि ते पाण्यात सहजी मिसळणारे नसते. गार पाण्यात अख्खी पाती बुडवून ठेवली, तर सकाळी हाती येते ते फिकट हिरवे पाणी, ज्याला वास आहे पण अंग नाही. ‘गवताचे पाणी’ म्हणायचेच असेल, तर ते याला म्हणावे. एका वनस्पतीचा नियम उचलून दुसरीला लावला, की असे होते, आणि मग दोष पाककृती लिहिणाऱ्याच्या माथी येतो.

उकळण्याचे दुसरे कारण मी पाककृतीत लिहिले नव्हते, कारण ते घरोघरी ठाऊक असते, असा माझा समज होता. माझे बालपण ठाण्यात चरईमध्ये गेले. घरामागे, न्हाणीघराचे पाणी जिथून बाहेर पडे तिथेच, गवती चहाचा मोठा ठोंब होता. त्या काळी बहुतेक घरी तो तिथेच असे, कारण त्याला पाणी सतत लागते आणि वेगळे घालावे लागत नाही. आई पाती कापून आणी, दोनदा धुवी आणि उकळत्या पाण्यातच टाकी. कच्ची पाती भिजवून ते पाणी कोणाला प्यायला देण्याचा विचार तिच्या मनातही आला नसता. आजही जांभळी नाक्याच्या बाजारात जुडी घेतली, तर ती गोणपाटावर पडलेली असते, विक्रेत्या मावशी तासातासाने तिच्यावर डब्यातले पाणी शिंपडत असतात आणि बुडख्याच्या पांढऱ्या भागात, पात्याच्या घड्यांमध्ये, बारीक लाल माती अडकलेली असते. तो बुडखा मी नेहमी उभा चिरून नळाखाली धरते. अख्खा धुतला तर माती आतच राहते. आपण अशी जुडी रात्रभर गार पाण्यात भिजवायला सांगता. फ्रीजमधील चार-पाच अंशांना जंतूंची वाढ मंदावते, पण जंतू मरत नाहीत. मारायचे तर उकळी लागते. पावसाळ्यात पिण्याचे पाणी उकळून घेण्याचा सल्ला सर्वांना पाठ असतो, आणि त्याच पाण्यात माती लागलेली पाती कच्ची भिजवताना तो कोणाला आठवत नाही, याचे मला आश्चर्य वाटते. (काही जण याच्या पुढे जाऊन बरणी गॅलरीत उन्हात ठेवतात. उन्हात पाणी कोमट होते, त्यापलीकडे जात नाही, आणि ५ ते ६० अंशांचा पट्टा तर जंतूंच्या वाढीला सर्वांत सोयीचा. ठाण्याच्या मे महिन्यातही हा उद्योग करू नये.)

पाणचटपणाबद्दल. एक ग्रॅम बर्फाचे पाणी व्हायला ८० कॅलरी उष्णता लागते. गाळलेला अर्क सुमारे ७० अंशांवर असताना बर्फावर ओतला, तर अर्धा लिटर अर्क शून्यापर्यंत उतरताना ३५,००० कॅलरी सोडतो आणि तेवढ्यात ४३७ ग्रॅम बर्फ वितळतो. मी अर्धा किलो बर्फ सांगितला आहे. म्हणजे जवळजवळ सगळा बर्फ वितळून पेय एक लिटरच्या आसपास होते, आणि म्हणूनच एक लिटरची पाती मी अर्ध्या लिटर पाण्यात घातली आहेत. तुम्ही ज्याला बर्फ ओतणे म्हणता, ते त्या पाककृतीतले उरलेले पाणी आहे. हे न मोजता पाणचट म्हणणे सोपे असते. बर्फ मात्र घरच्या उकळून गार केलेल्या पाण्याचा असावा. बाहेरून आणायचाच असेल तर खाण्याचाच घ्यावा. महाराष्ट्रात २०१८ पासून औद्योगिक वापराचा बर्फ निळा रंगवणे बंधनकारक केले आहे, ते याच कारणासाठी.

अंबाडी मी उकळायला सांगितलेलीच नाही, हेही तुम्ही वाचलेले दिसत नाही. गॅस बंद केल्यावर वाळलेल्या अंबाडीचे दोन मोठे चमचे घालून दहा मिनिटे झाकून ठेवायचे आहे. बाजारात ज्याला अंबाडीची फुले म्हणतात, तो फळाभोवतीचा मांसल लाल भाग असतो. त्याचा रंग आणि आंबटपणा गरम पाण्यात आपणहून उतरतो, आणि फार उकळले तर पेय नको तितके आंबट होते. पातेले स्टीलचेच घ्यावे, कारण एवढा आंबट अर्क ॲल्युमिनियमच्या किंवा कल्हई गेलेल्या पितळी भांड्यात ठेवू नये. शेवटी लिंबू पिळले की गडद लाल रंग एकदम उजळतो, कारण अंबाडीतील अँथोसायनिन हे रंगद्रव्य आम्लात अधिक लाल होते. वर्गात लिटमस कागद संपले की मी जास्वंदीच्या पाकळ्यांचे पाणी वापरत असे, ते याच गुणामुळे. त्या तासाला मागच्या बाकावरची मुलेसुद्धा पुढे येऊन उभी राहत.

राहिली साखर. ज्यांना नको असेल त्यांनी घालू नये, कमी हवी त्यांनी कमी घालावी. पाककृती म्हणजे सरकारी आदेश नव्हे. ‘आरोग्यदायी’ हा शब्द मी गवती चहा आणि अंबाडी यांच्यासाठी वापरला होता, साखरेसाठी नव्हे, आणि तो तिथेच राहील. रक्तदाबाच्या गोळ्या घेणाऱ्यांनी नवे काही रोज प्यायला लागण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांना विचारावे, हे सांगायला पाककृती लागत नाही. चैत्रातल्या हळदीकुंकवाला आमच्या सोसायटीत पन्ह्याशेजारी हे पेय दर वर्षी असते, गोळ्या घेणाऱ्या निम्म्या बायका ते पितात आणि दुसरा पेला मागतात. आजवर कोणाची तक्रार आलेली नाही, तुमची सोडून.

पन्ह्यावरून आठवले. आपल्याकडे कैरी उकडून पन्हे करतात, तेव्हा ‘कैरीचा स्वाद उकडल्याने गेला’ असे कोणी म्हणत नाही. तिथे आजीने केले म्हणून मान्य असते. इथे कोणीतरी ठाण्यात बसून लिहिले म्हणून त्याची परीक्षा घ्यायची असते. माझ्या लेखनाची परीक्षा घ्यायला माझी मुळीच हरकत नाही, पण परीक्षकाने निदान प्रश्नपत्रिका वाचून यावे.

तुमच्या पद्धतीवर तुमचा एवढा विश्वास असेल, तर एक करा. एकाच जुडीतली सारख्या वजनाची पाती घ्या. अर्धी माझ्या पद्धतीने झाकण ठेवून उकळा, अर्क गार होऊ द्या आणि बर्फाऐवजी फ्रीजमधले गार पाणी घालून दुप्पट करा. उरलेली अर्धी तेवढ्याच एकूण पाण्यात रात्रभर भिजवा, मात्र पाती आधी नीट धुवा आणि पाणी उकळून गार केलेले घ्या, कारण तुम्ही आजारी पडावे अशी माझी इच्छा नाही. सकाळी दोन्ही गाळून, अंबाडी आणि लिंबू न घालता, सारख्या थंडाव्याला घरातल्या कोणाला तरी डोळे मिटून प्यायला द्या आणि ते जे सांगतील ते इथे लिहा. मी ते प्रसिद्ध करेन, माझ्या विरुद्ध असले तरी. दोन्हींत साखर घालू नका, म्हणजे तोही आक्षेप एका फेरीत निकाली निघेल.